‘साहाय्य’ या शब्दाखाली काय काय मावते

आयर्लंडात, ल्यूकनमधल्या आमच्या घरी जेवणाच्या टेबलावर गेली तीन वर्षे जेवण कमी आणि इटलीच अधिक वाढली जाते. सूनबाई डब्लिनच्या विद्यापीठात प्रबंध लिहिते. विषय असा, की इटलीत चित्रपट नुकता बोलू लागला तेव्हा त्याला बोलायला शिकवणारी एक बाई होती. पटकथा तिची, संवाद तिचे. पडद्यावर मात्र दिग्दर्शकाचे नाव, आणि त्याखाली, दृष्टी शाबूत असेल तरच वाचता येईल अशा अक्षरांत, ‘साहाय्य’ व पुढे तिची केवळ आद्याक्षरे. पूर्ण नाव लिहिले असते तर पडद्याला बहुधा तडा गेला असता.

प्रबंधाचे मार्गदर्शक सज्जन गृहस्थ आहेत. त्यांच्या मते बाईने फार तर टंकलेखन केले असावे. पुरावा नसेल तर तिच्यावरचे प्रकरण गाळावे, निर्णय शुक्रवारी. प्रकरण गळले की सूनबाईची तीन वर्षे गळणार. टंकलेखन करता करता त्या बाईने नायिकेचे सारे संवाद बदलले आणि कथेचा शेवट फिरवला, हा त्यांना टंकयंत्रातला बिघाड वाटत असावा.

ईश्वरकृपेने माझी हयात पोथ्यांचे पाठभेद लावण्यात गेली. म्हणून सूनबाईने पटकथेच्या टंकलिखिताच्या छायाप्रती माझ्यापुढे ठेवल्या. इटालियन मला येत नाही. पण हस्ताक्षर ओळखण्यास भाषा लागत नाही. समासातल्या पेन्सिलीच्या दुरुस्त्या सगळ्या एकाच हातच्या होत्या, आणि तोच हात त्या बाईच्या खासगी पत्रांत होता. दिग्दर्शकाचा हात पहिल्या पानावर, सहीपुरता. सही मात्र फार देखणी होती. पुरुषांना असा अन्याय करवतो तरी कसा, असे मी विद्वानाला शोभेल अशा खेदाने म्हणालो.

पत्नी भाजी निवडत होती. ती उठली, कपाट उघडले (त्याला इथे छापखान्यासारखेच ‘प्रेस’ म्हणतात, हा योगायोग मला त्या दिवशी फारसा रुचला नाही) आणि माझ्या नावावर छापलेले स्तोत्रभाष्य काढून त्याची प्रस्तावना सुनेपुढे उघडून ठेवली. ‘माझ्या सौभाग्यवतीने केलेल्या साहाय्याचा उल्लेख न करणे कृतघ्नपणाचे ठरेल.’ नाव नाही, आद्याक्षरेही नाहीत. या वाक्याची घडण साधायला मला दोन दिवस लागले होते.

“आई, साहाय्य म्हणजे नक्की काय केलंत?” सुनेने विचारले.

“फार काही नाही गं. उत्तरार्ध लिहिला.”

सून माझ्याकडे पाहत राहिली. “बाबा, खरं?”

मी देवघराकडे पाहणार होतो. पण तिथूनही कोणी माझ्याकडे पाहत असेल हे ध्यानात आले. “खरं आहे,” मी म्हणालो.

शुक्रवारी सूनबाईने दुरुस्त्या आणि पत्रे शेजारी शेजारी मांडली, आणि ‘साहाय्य’ या शब्दाखाली काय काय मावते याची एक तळटीप, घरच्या साक्षीसह, जोडली. मार्गदर्शक “ग्रँड” म्हणाले. इथे बस वेळेवर आली तरी तेच म्हणतात. पण प्रकरण राहिले.

तळटीपेत पत्नीचे पूर्ण नाव आहे, माहेरच्या आडनावासह. माझा उल्लेख ‘त्यांचे पती, निवृत्त संस्कृत अध्यापक’ असा. ओळीत अजून एका नावापुरती जागा दिसते, असे मी विनयपूर्वक सुचवून पाहिले.

“अहो,” पत्नी म्हणाली, “उल्लेख केलाय ना तुमचा?”