नुसता हात लावतो

माझा दादा गेल्या महिन्यात गेला. झोपेतच गेला, कुणाला तसदी दिली नाही. रडू येतंच, पण त्याची आठवण काढली की आधी हसूच येतं बघा. त्या कोर्टाच्या गोष्टीचं तर फारच.

दादा फरशीच्या दुकानात हमाल. टेम्पोतून पेट्या उतरवायच्या, गिऱ्हाइकाच्या गाडीत चढवायच्या. दुकान एवढंसं, मालक एक आणि हमाल एक. दादा अंगानं काडी, म्हणून शेठ त्याला पैलवान म्हणायचे. दिवसभर दोघांची तोंडं चालू.

मग दादाचा गुडघा बोलायला लागला. हमालांच्या बोर्डात नाव लागलं की दवाखाना मिळतो, म्हातारपणी पेन्शन मिळते. पण त्यासाठी मालकानं नोंदणी करायला पाहिजे. शेठ अडून बसले. "बोर्डात गेलास की तुला दुसरीकडे धाडतील आणि माझ्याकडे रोज नवा माणूस! आणि पैलवान, तू हमाल कुठला? तू घरचा माणूस."

दादा म्हणाला, "मी घरचा असेन शेठ, पण गुडघा माझा एकट्याचाच दुखतो ना."

दादानं बोर्डात तक्रार केली, बोर्डानं केस घातली. शेठनी वकील केला. दोघं एकमेकांच्या विरुद्ध, आणि तारखेला जायचे शेठच्याच स्कूटरवर! वहिनी म्हणायची, "अहो, भांडायला चाललाय का फिरायला?"

शेवटच्या तारखेला मी पण गेले होते. जजसाहेबांनी दादाला विचारलं, "तुम्ही दुकानात काय काम करता?"

दादा म्हणाला, "हात लावतो."

शेठचा वकील टुणकन उठला. "ऐकलंत साहेब? नुसता हात लावतो! हमाली करतच नाही!"

हमालांत 'हात लाव' म्हणजे दुसरं टोक धर आणि उचल. ते वकिलाला कुठून माहीत असणार? दादालाही कळेना, आपलं चुकलं काय. सांगता येईना तेव्हा तो सरळ भिंतीजवळच्या बाकड्याकडे गेला, एक टोक धरलं आणि दुकानात ओरडतो तसा ओरडला, "शेठ, हात लावा!"

शेठ उठलेच! सवय हो, दुसरं काय. "हळू, कोपरा सांभाळ रे," करत दोघांनी बाकडं दारापर्यंत नेलंसुद्धा.

वकील म्हणाला, "अहो शेठ, आपली केस!"

साहेब हसू दाबत म्हणाले, "शेठ, तुमचंही नाव लावायचं का?"

शेठनी बाकडं खाली ठेवलं. "माझं नको. याचं लावा. पण माणूस माझ्याकडेच राहू द्या."

बोर्डाचा माणूस म्हणाला, "अहो, ते तुमच्याकडेच राहणार आहेत."

"मग हे आधी का नाही सांगितलं?"

"तुम्ही विचारलंत कुठं? वकीलच केलात."

दादाचं नाव लागलं. गुडघ्याचं ऑपरेशन झालं, पुढे पेन्शन बसली. पेन्शनीतही रोज दुकानात जाऊन बसायचा, शेठशी वाद घालायला. सुखात होता माझा भाऊ.

परवा शेठ घरी आले. मी विचारलं, "नवा माणूस कसा आहे?"

"चांगला आहे गं कामाला," शेठ म्हणाले. "पण काहीही बोललं तरी हो म्हणतो."