पाणबुड्याच्या पेटीतलं पत्र

ती घटना आठवली की आजही जेवण गोड लागत नाही. मराठवाडा विद्यापीठाच्या नामांतराच्या वादानं गावं धुमसत होती आणि पूर्णेच्या बाजूच्या एका ठाण्याचा कारभार माझ्याकडे होता. एक दिवस एका गावचे दोघे प्रतिष्ठित ठाण्यात आले.

"साहेब, आमच्या शाळेचा शिपाई पाकिस्तानला पत्रं धाडायलाय. त्याच्या पेटीत उर्दू कागद हाय."

शिपाई बौद्ध वस्तीतला, नौदलातून परतलेला. त्या वस्तीवर गावाचा राग आहे, हे मला ठाऊक होतं. तरी भर दुपारी जीप नेली, पंचांसमक्ष झडती घेतली. पेटीत मेणकापडात गुंडाळलेलं उर्दू पत्र निघालं. त्याला चौकशीसाठी ठाण्यात आणलं.

दोन दिवस तो बोलला नाही. मी त्याच्यावर हातही उचलला. शेवटी आमच्या जमादारांना बोलावलं. ते निजामाच्या काळात उर्दू शाळेत शिकलेले. त्यांनी पत्र वाचायला घेतलं आणि मध्येच चष्मा काढला.

"साहेब, हे एका पोरीनं बापाला लिहिलंय. ईदचे कपडे शिवलेत, पण अब्बा, तुमी आल्याबिगर घालणार न्हाई, म्हणती."

तेव्हा शिपाई बोलला.

"एकाहत्तरच्या लढाईत विशाखापट्टणम बंदराजवळ शत्रूची पाणबुडी बुडाली. मी नौदलात पाणबुड्या होतो. खाली उतरलो. आत समदे मेलेले. एकाच्या खिशात हे घावलं. उर्दू येणाऱ्या एका दोस्तानं वाचून दावलं. जमा करायला पायजे होतं, न्हाई केलं. पोरीला कळवावं वाटलं, तुझा बाप आता येत न्हाई म्हणून. पत्रावर पोरीचा पत्ता व्हता, त्यावर पत्रं टाकली. जवाब आला न्हाई."

नौदलाकडून त्याच्या सेवेची खात्री झाली. आठव्या दिवशी मी त्याला सोडलं. पत्र मात्र नियमाप्रमाणे वरिष्ठांकडे गेलं होतं. तेवढं परत द्या, म्हणून त्यानं हात जोडले. मी सुटकेच्या कागदावर त्याची सही घेतली.

गावात तोवर तो गद्दार ठरला होता. शाळेनं परत कामावर घेतलं नाही. दोन महिन्यांनी त्याचं प्रेत विहिरीत सापडलं. पंचनाम्याला मीच गेलो. त्याची म्हातारी आई काठावर बसली होती.

"साहेब, समुद्राच्या बुडाला जाऊन आल्तं माझं लेकरू," ती म्हणाली. "हिरीत कसं बुडंल?"

मी अकस्मात मृत्यूची नोंद केली. पाय घसरला, असं लिहिलं.

निर्दोष ठरल्यावर मी त्याला एसटीनं एकट्यालाच गावी जाऊ दिलं होतं. सोबत जाऊन, चावडीपुढं उभं राहून 'या माणसाचा काही गुन्हा नाही' एवढं सांगायला अर्धा तास लागला असता. तसा नियम नव्हता, म्हणून मला ते सुचलं नाही. पुढच्या नोकरीत अशा काही जणांना मी स्वतः त्यांच्या गावी पोचवून आलो. त्यामुळे काहीही भरून निघालं नाही.