पारूची कडी

कुणी हात हलवत परत आलं की पारूचा प्रश्न ठरलेला असायचा. "कुटं गेल्ता, कोनाला इचारलं?" चुकलेली शेळी न आणता आलेला दीर असो, नाहीतर बाजारात चांगलं मीठच नव्हतं म्हणणारी जाऊ असो, 'लई हुडकलं' एवढ्यावर ती कुणाला सोडत नसे. हाच प्रश्न पुढे तिने फौजदाराला विचारला आणि तेव्हापासून मी तिच्यावर जळू लागले.

साखऱ्यात आमची घरं समोरासमोर. आमचं जमीनजुमल्याचं, तिचं मेंढरं राखणाऱ्यांचं. तिचा नवरा सोपान मेंढ्या घेऊन कळमनुरीच्या बाजाराला गेला, तो परतलाच नाही. त्याआधी वर्षभर आमचे हे थोरल्या भावाशी भांडून तडक घराबाहेर पडले होते. तेही आले नाहीत. आम्ही दोघी रात्री दाराला कडी न लावता निजायचो. माणूस आलाच तर त्याला दार बंद दिसू नये. तेवढ्यापुरत्या आम्ही सारख्या होतो.

मग पारू हिंगोलीला गेली. गरिबाला सरकारकडून वकील मिळतो, हे तिने बाजारात ऐकलं होतं. ठाण्यात नुसती नोंद झाली आहे, शोध कुणी घेत नाही, अशी तिची तक्रार औरंगाबादच्या हायकोर्टात गेली. जज्जसाहेबांनी पोलिसांना फर्मावलं, दर तारखेला काय शोध केला ते कोर्टाला सांगा आणि या बाईलाही सांगा. झालं. साखऱ्यात पोलिसांची जीप येऊ लागली आणि आमच्या दाराला पाठ देऊन पारूच्या खोपटापाशी थांबू लागली.

फौजदार बाजेवर बसायचा, पारू उंबऱ्यावर. मी ओसरीवर ज्वारी निवडत ऐकायचे.

"कसून शोध चालू आहे, बाई."

"त्ये ऱ्हाऊ द्या, साहेब. कुटं गेल्ते, कोनाला इचारलं?"

आणि तो वर्दीतला माणूस टोपी मांडीवर ठेवून मुकाट्याने सांगायचा. कळमनुरीचे मेंढ्यांचे व्यापारी, नांदेडचं स्टँड, कुठला तरी ट्रकवाला. माझ्या सुपातले खडे सुपातच राहायचे. माझ्या नवऱ्यासाठी नांदेडचं स्टँड कुणी पाहिलं नव्हतं. थोरल्या दिरांनी ठाण्यात साधी नोंदही करू दिली नाही. "घरची अब्रू चव्हाट्यावर न्यायची न्हाई," एवढं बोलून ते जेवायला बसले. पारूला असली अब्रू नव्हती, म्हणून तिला कोर्ट होतं. तिचं सगळंच मला सलायचं, तारखेला नेसायचं ते हिरवं लुगडंसुद्धा. गोरेगाव ठाण्याची जीपवाली माणसं तिला "बाई, पुढं बसा" म्हणायची, ते तर फारच.

एके दिवशी सोपान सापडला. निजामाबादला दुसऱ्या बाईबरोबर त्याने संसार थाटला होता. पोलिसांनी त्याला कोर्टापुढे उभं केलं. मी आपल्या मर्जीने गेलो, मला कुणी डांबलं नाही, असं त्याने सांगितलं. सज्ञान माणूस जिवंत आहे आणि स्वखुशीने राहतो आहे, म्हटल्यावर कोर्टाने प्रकरण मिटवलं.

मला बरं वाटलं. अगदी थंडगार वाटलं. चेहरा पाडून मी तिच्याकडे गेले. ती करडांना पाणी दाखवत होती.

"वैनी, जज्जसाहेबानं त्याला माज्याकडं तोंड करून बोलाय लावलं," ती म्हणाली. "जमिनीकडं बघून राहिल्ता. म्या म्हनलं, वर बघ. मंग म्हनला, न्हाई येत. आइकलं म्या."

"वाईट झालं गं, पारू."

"व्हय. पन हुडकायचं सरलं." तिने बादली खाली ठेवली. "तुमच्या मालकासाठी कोन कुटं गेलं, वैनी? कोनाला इचारलं?"

मी पदर सावरला आणि घरी आले.

जेवणं आटोपली तेव्हा समोरून लोखंडाचा आवाज आला. पारूने आतून कडी लावली होती. दुसऱ्या दिवशी मेंढरं ओरडायला लागली तरी ती उठली नव्हती; उन्हं वर आल्यावर जांभई देत बाहेर आली. जीपचा वाटला नव्हता एवढा हेवा मला त्या कडीचा वाटला.

पारू वारून आता बरीच वर्षं झाली. माझं दार अजून नुसतं लोटलेलं असतं.