जावेचं मडकं

आमच्या पंथात देवाला हात जोडत नाहीत, त्याला ऐकतात. जग नव्हतं तेव्हा देवानं एकदाच हुंकार दिला आणि तो हुंकार पोकळ वस्तूंत जाऊन लपला, असं आम्ही मानतो. म्हणून प्रत्येकीचं एक कोरं मडकं असतं. त्यात कधी पाणी भरायचं नाही, दाणा टाकायचा नाही. दर गुरुवारी दुपारी पडेगावच्या पत्र्याच्या शेडमध्ये आम्ही चाळीसेक बाया मडकं मांडीवर आडवं घेऊन त्याला कान लावून बसतो. याला कानबैठक म्हणतात. तोंड मिटलेलं लागतं, कारण मडक्यात नुसता शब्द पडला तरी ते भरलं असं धरतात. जिला हुंकार ऐकू येतो तिच्या मडक्याच्या गळ्याला थोरल्या बाई पांढरा दोरा बांधतात. या थोरल्या बाई म्हणजे बैठक चालवणारी म्हातारी. दोरा बांधला की ती बाई पुढच्या रांगेत जाते.

मी सहा वर्षं मागच्या रांगेत होते.

माझी धाकटी जाऊ सिल्लोडकडची. लग्न होऊन आली, दीर शेंद्र्याला कंपनीत जायचे, दुपारी घरात करमत नाही म्हणून माझ्याबरोबर यायला लागली. मी गुरुवारी सकाळपासून बोलत नसे, कांदा खात नसे. ही वडापाव खाऊन यायची आणि बैठकीत डुलक्या घ्यायची. तिसऱ्या महिन्यात एका गुरुवारी तिनं डोळे उघडले, मडकं बाजूला केलं आणि हळूच म्हणाली, "आला."

थोरल्या बाईंनी तिच्या तोंडाकडं बराच वेळ पाहिलं. मग पांढरा दोरा काढून तिच्या मडक्याला बांधला.

त्या दिवशी मी घरी येऊन कणीक इतकी मळली की पोळ्या रबरासारख्या झाल्या. जाऊ जेवताना म्हणाली, "अक्का, तुम्ही लई जोर लावता. कपाळाला आठ्या पाडून देव येतो व्हय? पाहुणा बी पळून जाईल."

सगळे हसले. मीही हसले. पण तो दोरा माझ्या डोळ्यापुढून जाईना. ती केस विंचरताना, मोबाईलवर माहेरी बोलताना मी तिच्याकडं बघत राही. हिच्यात असं काय आहे? मग वाटलं, तिच्यात काही नसेल, तिच्या मडक्यातच असेल.

शेड झाडायची पाळी माझी होती. सगळी मडकी तिथंच फळीवर असतात आणि एकाच कुंभाराची असल्यानं सारखी दिसतात. माझ्या मडक्याच्या काठाला आतून एक टवका उडालेला होता, तो फक्त मला माहीत. मी तिच्या मडक्याचा दोरा सोडला, माझ्या मडक्याला बांधला आणि जागा बदलल्या. गाठ तशीच बसली.

गुरुवारी तिचं मडकं कानाला लावलं. माझ्याच रक्ताची धडधड ऐकू आली, बाहेर भंगारवाल्याची आरोळी ऐकू आली. बाकी काही नाही. पुढच्या रांगेत तिची पाठ मात्र ताठ झालेली दिसली. त्या दिवशी तिला डुलकी लागली नाही.

परत येताना रिक्षात ती म्हणाली, "अक्का, आज वेगळंच ऐकू आलं."

"काय?"

"'ये ना, ये ना.' बाईमाणसाचा आवाज. लई केविलवाणा."

सहा वर्षं धूळ फुंकते असं दाखवून मी मडक्याच्या तोंडाशी तेच म्हणत आले होते. हे कुणालाच ठाऊक नव्हतं.

"मग थोरल्या बाईंना का नाय सांगितलं?" मी विचारलं.

"कुणाचं गाऱ्हाणं चारचौघीत सांगायचं नसतं," ती म्हणाली आणि रस्त्याकडं बघत बसली.

पुढच्या गुरुवारी ती माझ्याआधी शेडमध्ये शिरली. मी पोचले तेव्हा मडकी परत जिथल्या तिथं होती, टवक्याचं माझ्या जागी आणि दोरा तिच्या मडक्यावर. तिनं मला शिव्या दिल्या असत्या तर बरं वाटलं असतं. एवढं पोटात ठेवणं मला जमलं नसतं, आणि त्याचाही मला राग आला.

भरलेलं मडकं सगळ्यांसमोर आणून तसं सांगायचं आणि बाहेर फोडायचं, अशी रीत आहे. लाजेपायी कुणी सांगत नाही. मला तर चार बायांत नाव घ्यायला सांगितलं तरी घाम फुटतो. पण माझ्या मडक्यात माझंच 'ये ना' भरलेलं होतं, हुंकाराला जागाच नव्हती. मी ते उचलून पुढं गेले.

"माझं भरलं," मी म्हणाले.

"कशानं?" थोरल्या बाईंनी विचारलं.

मी टवक्यावर बोट फिरवत उभी राहिले. तेवढ्यात पुढच्या रांगेतून जाऊ मान वर न करता म्हणाली, "बाई, पुसू नका. भरलं म्हणतात ना."

म्हणजे माझी लाजही तिनंच झाकली.

आता माझ्याकडं नवं मडकं आहे. मी तोंड मिटून बसते. अजून काही ऐकू आलेलं नाही. दर गुरुवारी मी आधी तिचा दोरा मळला का ते बघते आणि मग कान लावते.