वजा दोन अँपिअर

कॉलेजच्या इलेक्ट्रिकल लॅबमध्ये मुलांना मीटर मोजून देणारी आणि मोजून परत घेणारी, म्हणून तिचं नावच मीटरताई पडलं. अठरा वर्षं तिनं दुसऱ्यांची सर्किटं जोडून दिली आणि चाळिशीला टेकल्यावर स्वतःच संध्याकाळच्या वर्गात पदवीला नाव घातलं. पहिल्या वर्षाचे बाकीचे विषय निघाले. सर्किट ॲनालिसिसनं मात्र दोनदा तोंडघशी पाडलं. आता तिसरी खेप, नियमाप्रमाणे शेवटची. ही हुकली की पदवीचं दार बंद.

घोडं अडायचं एकाच ठिकाणी. पुस्तकात दाखवल्यासारखे ती प्रत्येक लूपमध्ये करंटचे बाण काढी, समीकरणं मांडी, सोडवी, आणि उत्तर येई वजा दोन अँपिअर. करंट वजा कसा असेल? मग खोडरबर, पुन्हा पहिल्यापासून. ओढूनताणून एकदाचं अधिक उत्तर येई, ते नेमकं चुकीचं.

"वहिनी, वहीला भोक पडेल," नणंद भाजी निवडता निवडता म्हणे. "खोडायचंच तर लिहिता कशाला?"

परीक्षेला आठ दिवस उरले असताना लॅबमध्ये एक मुलगी रडकुंडीला आली. "ताई, मीटर बिघडलाय. वजा दाखवतोय."

"बिघडला नाही गं," कपाटात डोकं घालूनच मीटरताई म्हणाली. "तारा उलट्या लावल्यास तू. आकडा बरोबर आहे, करंट दुसऱ्या बाजूनं येतोय, एवढंच."

आणि ती तिथंच थबकली. हे तर आपण रोज दहादा सांगतो. मग कागदावरचा बाण कोणी काढला? आपणच ना, अंदाजानं? पडला उलटा तर पडला.

मुलीच्या तारा बदलून देऊन तिनं पुस्तकातलं सर्किट टेबलावर जोडलं. मीटर बाणाच्या दिशेनं लावला. वजा दोन. घरी येऊन तिनं जुन्या वह्या उपसल्या, खोडलेल्या जागा उजेडात धरल्या. पानोपानी बरोबर उत्तर, आपल्याच हातानं पुसलेलं. ती एवढी हसली की नणंद धावत आली.

परीक्षेत तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर वजा आलं. तिनं त्याला ऐटीत चौकट केली, खाली लिहिलं, 'करंट गृहीत दिशेच्या उलट', आणि पान उलटलं.

एकाहत्तर मार्क पडले.

"सुटलात बाई," नणंद म्हणाली.

"सुटते कसली, वन्सं? पुढचा पेपर एसीचा. तिथं करंट सेकंदाला शंभर वेळा दिशा बदलतो."

"आणि तुम्हाला त्याचा आनंद होतोय?"

"फार," म्हणत तिनं नव्या पुस्तकाला कव्हर घालायला घेतलं.