सेलामची पालेभाजी

समोरच्या फ्लॅटमधल्या सेलामच्या स्वयंपाकाचा वास जिन्यात येतो, अशी सोसायटीत तक्रार झाली. ती इथिओपियाहून पुण्याला शिकायला आलेली मुलगी. "तुम्ही शेजारी आहात, तुम्हीच सांगा," म्हणून सेक्रेटरींनी मला पुढे केलं. मीही तावातावाने गेले.

दार उघडंच होतं, मी उंबऱ्यातच थांबले. ती लोणी कढवत होती, त्यात आलं, लसूण, वेलदोडे, मेथीदाणे आणि हळद घालून. मग तिने कांदा परतला, नवलकोलाचा चिरलेला पाला त्यात टाकला आणि वरून ते पिवळंधमक तूप सोडलं. हा पाला आपल्याकडे भाजीवाल्या टाकून देतात. ती मागून आणते.

"आमच्याकडे याला गोमेन म्हणतात. बसा ना, काकू," ती मोडक्या मराठीत म्हणाली.

त्या वासात नावं ठेवण्यासारखं काहीच नव्हतं. त्यातला प्रत्येक जिन्नस माझ्याही घरात होता. त्याचाच मला जास्त राग आला. माणूस नको असं तोंडावर म्हणता येत नाही, म्हणून आपण त्याच्या जेवणाला नाक मुरडतो. तेच मी केलं.

"फार वास येतो तुझ्या जेवणाचा. लोकांना त्रास होतो," मी म्हटलं.

तिने गॅस बंद केला.

"कसला वास, काकू? भाजीचा, की माझा?"

'भाजीचा' एवढंच म्हणायचं होतं. ते खोटंसुद्धा माझ्या तोंडून निघालं नाही. तिने माझ्या तोंडावर दार लावून घेतलं.