राबाच्या मातीची चोरी

खून, दरोडे, होड्यांवरच्या मारामाऱ्या, सगळं कामाचा भाग म्हणून पाहिलं आणि बरंचसं विसरलो. पण मातीच्या चोरीची फिर्याद उभ्या नोकरीत एकदाच आली, आणि ती घटना काही केल्या मनातून जात नाही.

तेव्हा मी कुलाबा जिल्ह्यात, रेवदंड्याच्या बाजूला खाडीकाठच्या एका ठाण्यावर फौजदार होतो. उन्हाळ्याचे दिवस होते. आतल्या गावातला एक बरी परिस्थिती असलेला शेतकरी आला आणि म्हणाला, माझ्या शेतातली माती चोरीला गेली. ठाणे अंमलदाराने लेखणी खाली ठेवली. जमादार तर तोंड फिरवून हसायला लागला. पण फिर्यादी गंभीर होता. राब भाजायला तो शेतावर गेला, तर वीतभर खोलीची काळी माती गायब आणि खाली कडक जमीन उघडी पडलेली.

आमच्याकडे भाताची रोपं करण्यासाठी एक लहान पट्टी राखून ठेवतात. तिच्यावर दरवर्षी शेण आणि पालापाचोळा पसरून भाजतात. तोच राब. वर्षानुवर्षं भाजून ती माती काळी, भुसभुशीत होते. ती गेली तर रोपं धड होत नाहीत, आणि रोपं नाहीत तर वर्षाचं भात नाही. त्यामुळे मी हसलो नाही. शिवाय जमीन चोरता येत नसली, तरी जमिनीपासून खणून काढलेली माती कायद्याने चोरता येते. गुन्हा नोंदवला.

गावात विचारपूस केली. कोणी काही पाहिलं नव्हतं. पुढे कळलं, पाहिलं सगळ्यांनीच होतं. त्या दिवसांत जो तो बांध घालायला माती वाहतो, तेव्हा डोक्यावर पाटी घेतलेल्या माणसाकडे कोण बघणार? उघड्यावर केलेलं काम लवकर कोणाच्या नजरेत भरत नाही, हे मी पोलिसात शिकलो.

खबर दिली ती सुकी मासळी घेऊन वरच्या गावांत फिरणाऱ्या एका कोळणीने. जमादार तिच्याकडून बोंबील घेत होता. बोलता बोलता ती म्हणाली, डोंगराखालच्या हलक्या, वरकस जमिनीत एक म्हातारा काळी माती पसरतोय, आख्खं शेतच डोक्यावरून नेतोय जणू.

दोन पंच घेऊन गेलो. डोंगराखाली सगळा लाल मुरूम, दगडगोटे, आणि मधेच काळ्या मातीची नीट सपाट केलेली पट्टी. म्हातारा आणि त्याची बायको तिथेच होती. पळायचं त्यांच्या मनातही आलं नाही. बायकोने आम्हाला पाणी दिलं.

ठाण्यावर आणून जबाब घेतला. आवाज चढवायची गरज पडली नाही.

"चोरी कशी, सायब? दिवसाढवळ्या न्हेली," तो म्हणाला. "आमीच भाजून भाजून काळी केली ती."

हळूहळू सगळं बाहेर आलं. ती पट्टी मुळात गावातल्या एका विधवा बाईची. म्हातारा ती बरीच वर्षं वाट्याने करत होता. बाई मुलाकडे मुंबईला जायला निघाली तेव्हा तिने ती त्यालाच विकली. गावात एकत्रीकरण योजना सुरू होती. विखुरलेले तुकडे जोडून प्रत्येकाला एका जागी जमीन द्यायची, आणि तोवर खरेदी-विक्रीला मनाई, अशी दवंडी फिरली होती. दस्त होईना. मग गावच्या रिवाजाप्रमाणे बाईने ग्रामदेवीसमोर नारळ ठेवून त्या शेतातलं ढेकूळ म्हाताऱ्याच्या हातात दिलं. गावाच्या लेखी व्यवहार पक्का झाला. सरकारी दप्तरात मात्र जमीन बाईच्याच नावावर राहिली. योजना पुरी झाली तेव्हा ती पट्टी शेजारच्या मोठ्या शेतात, म्हणजे फिर्यादीकडे गेली, आणि बदल्यात बाईच्या नावावर डोंगराखालचा मुरूम आला. बाईने निरोप पाठवला, आता तेच तुझं.

"सरकारनं जागा बदलली, बरं," म्हातारा म्हणाला. "पर मुरमात राब कसा व्हायचा? ह्या मातीबिगर रोपं कुठनं आणू?"

बाई मुंबईहून धावत आली. जमीन मी यालाच दिली, असं लिहून द्यायला तयार होती. पण मनाईच्या काळातला व्यवहार मुळातच रद्द. तिच्या खऱ्या साक्षीने त्याला काहीच मिळालं नसतं, उलट दोघांना दंड झाला असता. नंतर तालुक्याला मी एकत्रीकरण अधिकाऱ्याला भेटलो. तो म्हणाला, मनाई सरसकट नव्हती. अर्ज करून परवानगी घेतली असती तर विक्री झाली असती, आणि बदली जमीन देताना म्हाताऱ्याचाही विचार झाला असता. दवंडीत तेवढं सोडून बाकी सगळं सांगितलं होतं. परत येताना मला फार वाईट वाटलं.

माल थोडक्या किमतीचा होता. माती परत मिळाली तर मिटवायला फिर्यादी कबूल झाला, आणि कोर्टानेही परवानगी दिली. म्हाताऱ्याची शिक्षा टळली, पण शेती वाचली असं म्हणवत नाही. त्या साली त्याच्याकडे लावायला रोप नव्हतं. पुढे तो दुसऱ्यांच्या शेतावर मजुरीला जाऊ लागला.

माती परत दिल्याचा पंचनामा करायला मी स्वतः गेलो होतो. म्हाताऱ्याने माती आणून ओतली, हाताने पसरली आणि मग दोघं नवराबायको गुडघ्यावर बसून तिच्यातले मुरमाचे खडे वेचू लागली. फिर्यादी जरा वेळ बघत राहिला आणि म्हणाला, राहू दे आता, मी बघतो.

म्हाताऱ्याने मान वर केली नाही. "तसं कसं?" तो म्हणाला. "रोपं उपटाय बाया बसतील हितं. हात फाटतील त्यांचं."

एकत्रीकरणाचा कायदा चांगला होता, असं मी आजही म्हणेन. पण कायदा माणसापर्यंत अर्धाच पोचला, तर उरलेल्या अर्ध्यासाठी पोलीस जातो. त्या दिवशी मी पंचनाम्यावर सही केली आणि खाली बसून त्यांच्याबरोबर थोडे खडे वेचले.